कडू लागलं तो नोव्हेंबर

नोव्हेंबर उजाडला की आमच्या दारात कॅलिफोर्नियाहून एक खोकं येऊन पडतं. शिरीष, म्हणजे माझा नवरा, संध्याकाळी ऑफिसातून घरी आला की ते पायानंच आत ढकलतो आणि दारातून ओरडतो, "तुझं तेल आलं गं!" माझं म्हणायचं आणि अर्ध्याहून जास्त स्वतः संपवायचं, हा त्याचा पुणेरी न्याय मला लग्नाला इतकी वर्षं होऊनही उलगडलेला नाही. यंदाचं खोकं काल आलं. बाहेर मेपलच्या पानांचा खच पडलाय, ती गोळा करायची पाळी कुणाची यावरून घरात अबोला चाललाय, आणि त्यात हे तेल आलं. मी अबोला-बिबोला सोडून आधी कात्री शोधली.

बाटली काळपट हिरव्या काचेची असते. बूच काढलं की नुकत्याच कापलेल्या गवताचा वास येतो, त्यात कच्च्या केळ्याच्या सालीचाही थोडा. मी एक थेंब तळहातावर घेते आणि डोळे मिटून जिभेवर ठेवते.

"तीर्थ घेतेस का?" शिरीष विचारतो. दरवर्षी विचारतो. मी नुसती मान हलवते, कारण तेव्हा तोंडात काम चालू असतं. आधी काहीच नाही. मग जिभेच्या मागच्या बाजूला, घशाच्या अलीकडे, एक बारीकशी कडू रेघ उमटते. ती उमटली की मी हुश्श करते. आहे, जागेवर आहे. मग पदर खोचून पुढच्या कामाला लागते. पदर नसतो, स्वेटर असतो, पण खोचायची सवय गेलेली नाही.

ज्यांची चव कधी गेलेली नाही त्यांना हे नाटक वाटेल. वाटू दे बापडं.

दोन हजार पाचच्या हिवाळ्यात माझ्या उजव्या जबड्याखाली एक गाठ आली. तिथे लाळेची ग्रंथी असते म्हणे. मला आपलं वाटलं, दाढ असेल. दाढ नव्हती. गाठ काढली, तपासली, ती वाईट निघाली, आणि मार्चपासून त्या जागेवर किरणांचे उपचार सुरू झाले. आमच्या डॉक्टरीणबाई मोठ्या भल्या. त्यांनी सगळं आधीच सांगून ठेवलं होतं, की तोंड कोरडं पडेल, कातडी जळेल, चव जाईल. पहिल्या दोन गोष्टींची मी धास्ती घेतली आणि तिसरी या कानानं ऐकून त्या कानानं सोडून दिली. चवीचं काय एवढं! तापात नाही का जात, आणि मग लिंबाचं लोणचं चाटलं की परत येत!

पाडवा त्या उपचारांच्या ऐन मध्यावर आला. आमच्याकडे पाडव्याला कडुनिंबाची चटणी असते. पानं, गूळ, ओवा, हिंग, चिंच आणि मीठ. गूळ घातला तरी ती कडूच लागते आणि तशीच लागायला हवी. तोंड वाकडं केल्याशिवाय आमच्या घरात नवं वर्ष सुरू होत नाही. शिरीषनं एडिसन गावातल्या देशी दुकानातून पाला आणला होता, कसलाही का असेना, पाला होता. सई, आमची मुलगी, तेव्हा बारा वर्षांची होती. सणातलं तिला काही फारसं कळत नसे, पण चटणी खाताना आईबाबांची तोंडं कशी होतात हे बघायला ती समोर येऊन बसायची. त्या दिवशीही बसली. मी चमचाभर चटणी जिभेवर ठेवली आणि वाट बघत राहिले.

"आई, यू डिडन्ट मेक अ फेस," सई म्हणाली.

मी आणखी एक चमचा घेतला. मग नुसती पानंच घेतली, गूळ नाही की काही नाही, आणि शेळीसारखी चघळत बसले. काही नाही. ओला कागद. शिरीषचा चमचा हवेतच राहिला होता.

"चव गेली," मी म्हटलं. पाव संपला असं सांगावं तसं सांगितलं, कारण तेव्हा दुःखापेक्षा नवलच जास्त वाटत होतं. दुःख दुपारी झालं, भांडी घासताना. श्रीखंडाचं भांडं विसळायच्या आधी बोटानं निपटून चाटायची माझी लहानपणापासूनची खोड आहे. बोट तोंडात गेलं, आणि मी नळ तसाच वाहता ठेवून रडले.

चव जाते म्हणजे काय होतं, हे दुसऱ्याला सांगणं महाकठीण. वास येत होता, तेच तर खरं दुखणं! मोहरी तडतडायची, हिंग पडायचा, कढीपत्ता चरचरायचा, घरभर घमघमाट. आणि घास तोंडात घातला की सगळं गप्प. लग्नाचं आमंत्रण यावं, नटूनथटून मांडवात जावं, आणि तिथे आपलं पानच मांडलेलं नसावं. भात म्हणजे कापूस, पोळी म्हणजे पुठ्ठा, चहा म्हणजे नुसतं गरम. मिरची मात्र झोंबायची, जीभ सोलून निघाल्यासारखी झोंबायची. पण झोंबणं वेगळं आणि चव वेगळी, हे मला त्या वर्षी पहिल्यांदा कळलं. अशी अक्कल येण्यापेक्षा मी बिनअकलेची बरी होते.

मी सोलापूरची. आमच्याकडे ज्वारीची भाकरी, खलबत्त्यात कुटलेली शेंगांची चटणी आणि तिच्यावर करडईचं कच्चं तेल, हे जेवण. तेल तापवायचं नाही, घाण्यावरून आलेलं तसंच्या तसं ओतायचं. लग्नानंतर पुण्याला मी पहिल्यांदा चटणीत आळं करून त्यात कच्चं तेल घातलं, तेव्हा मी समईतलं तेल पिते आहे अशा नजरेनं शिरीषनं माझ्याकडे पाहिलं होतं. "कच्चं तेल खाता तुम्ही लोक?" असं तो म्हणाला होता. तुम्ही लोक! तिथून जी जुंपली ती जुंपलीच. त्यानं माझ्या एकूणएक पदार्थाला नावं ठेवली. आमटीत गूळ का नाही, भाजीत हे एवढं कूट कशाला, रस्सा बघूनच घाम फुटतो. मी म्हणायची, तुमच्या आमटीत गुळाचा खडा नसतो, ढेप असते. तो म्हणायचा, पण निदान जेवल्यावर फायर ब्रिगेड बोलवावी लागत नाही. आणि नावं ठेवता ठेवता दुसऱ्यांदा वाढून घ्यायचा. अमेरिकेत आलो, घरं बदलली, नोकऱ्या बदलल्या, हे काही बदललं नाही. मंडळाच्या गणपतीला पुरण माझ्या हातचं असे, आणि सगळी मंडळी वाहवा करत असताना हा एकटा मला कोपऱ्यात गाठून सांगायचा, "जायफळ जरा जास्त पडलंय, यार."

पाडव्यानंतर शिरीषनं नावं ठेवणं बंद केलं.

तो एकच शब्द बोलायला लागला. छान. आमटी छान, भाजी छान, नुसतं वरण तेही छान. मी विचारायची, "मीठ बरोबर आहे ना?" तो मान खाली घालून म्हणायचा, "परफेक्ट." सई म्हणायची, "इट्स गुड, आई," आणि भराभर पाणी प्यायची. पहिले काही दिवस मला बरं वाटलं. मग त्या 'छान'ची मला चीड यायला लागली. लहान पोरानं कागदावर रेघोट्या मारल्या की आपण म्हणतो ना, वा, छान छान? तसं ते होतं. माझ्याशी भांडण्याएवढीही मी उरले नव्हते की काय!

मिठाचं काय होत होतं ते सांगते. नैवेद्याचा स्वयंपाक आपण चाखत नाही. देवाआधी जिभेवर ठेवायचं नाही, अंदाजानंच घालायचं, आणि गंमत म्हणजे तेव्हा कधीच चुकत नाही. मी मनाला समजावलं की बाई, रोज नैवेद्य आहे असं समज, हात चालतोय तसा चालू दे. पण नैवेद्याच्या वेळी हात बेफिकीर असतो, त्याला माहीत असतं की उद्या पुन्हा चाखायला मिळणार आहे. आता हाताला भीती बसली होती. चिमूट घातली की वाटायचं, कमी तर नाही ना पडलं? आणि मागून आणखी एक चिमूट जायची. मला ते कळत होतं आणि थांबवता येत नव्हतं.

आमच्या गल्लीच्या तोंडाशी मंगलकाकू राहतात. त्या दिवसांत त्यांनी मला मऊ खिचडी, ताक, पेज, काय काय आणून दिलं. एकदा मी त्यांच्यापाशी बोलून गेले, "काकू, मला ना, चवीचंच फार वाटतं हो."

"अगं, जीव वाचला हे काय थोडं झालं?" काकू म्हणाल्या. "चवीचं कसलं घेऊन बसलीस!"

खरंच होतं त्यांचं. माझ्या वेळी उपचाराला येणाऱ्या एक बाई मध्येच यायच्या बंद झाल्या होत्या, त्यांचं काय झालं हे विचारायचं धाडस मला झालं नव्हतं. ऑक्टोबरात माझा स्कॅन स्वच्छ आला. शिरीष दवाखान्याच्या पार्किंगमध्येच गाडीच्या टपावर डोकं टेकून उभा राहिला होता. घरी मी पेढे केले, सगळ्या ओळखीच्यांना वाटले, आणि एक मीही खाल्ला. माती खाल्ल्यासारखं वाटलं. माझ्या सुटकेचा पेढा सगळ्यांना गोड लागला, मलाच लागला नाही. आता हे कुणाला सांगणार? ज्याचा जीव वाचलाय त्यानं रडगाणं गायचं नसतं. चव कधी येईल असं मी डॉक्टरीणबाईंना विचारलं होतं. "वाट बघायची. काहींची पूर्ण येते, काहींची थोडी येते, आणि काहींची..." एवढं म्हणून त्या माझ्या फाइलमध्ये बघायला लागल्या होत्या.

नोव्हेंबरात, थँक्सगिव्हिंगच्या सुट्टीत शिरीषनं कॅलिफोर्नियाची तिकिटं काढली. "समुद्र बघू, डोंगर बघू," तो म्हणाला. खाण्याशी संबंध नाही असं सगळं त्यानं शोधून काढलं होतं. मी आपली निघण्याच्या आदल्या दिवशी धपाटे केले, शेंगांची चटणी डब्यात भरली. प्रवासाला निघताना धपाटे नाहीत म्हणजे मग प्रवास तरी कशाला करायचा? स्वतःला चव नसली म्हणून काय झालं.

सॅन फ्रान्सिस्कोपासून दोन-अडीच तास उत्तरेला गेल्यावर रस्त्याकडेला एक पाटी लागली. जुनी ऑलिव्हची बाग, ताजं तेल, चव घ्यायला या. "कॅन वी स्टॉप? प्लीज?" सई मागून म्हणाली. शिरीषनं डोळ्याच्या कोपऱ्यातून माझ्याकडे पाहिलं. ती नजर बघून मला रागच आला.

"थांबव की," मी म्हटलं. "माझ्यासाठी जगानं जेवायचं सोडलंय का?"

बाग डोंगराच्या उतारावर होती. मी झाडं पाहिली आणि माझा राग विसरले. बुंधे पिळवटलेले, दोरखंडासारखे पीळ पडलेले, आणि त्या म्हाताऱ्या बुंध्यांवर बारीक, कोवळी पानं. वारा आला की पानं उलटी व्हायची आणि सगळा उतार पांढुरका दिसायचा. झाडांखाली जाळ्या अंथरल्या होत्या. माणसं लांब दांड्यांच्या फण्यांनी फांद्या विंचरत होती आणि फळं जाळीवर टपटपत होती. थंडी बेताची, ऊन कोवळं. मालकीणबाईंचं नाव रोझ. सत्तरीच्या असतील, गुडघ्यापर्यंत बूट, डोक्यावर पुरुषी हॅट. त्यांच्या आजोबांनी इटलीहून येऊन ही झाडं लावली, असं त्या म्हणाल्या आणि आम्हाला तेल काढायच्या कोठारात घेऊन गेल्या.

आत दोन दगडी चाकं एका मोठ्या थाळ्यात गरगरत होती आणि फळांचा लगदा होत होता. मी दारातच थबकले. माझ्या मामाचा सोलापूरला लाकडी घाणा होता. बैल फिरायचा, घाण्याची लाकडी लाट करकरायची, आणि खालच्या भांड्यात करडईच्या तेलाची बारीक धार पडायची. आम्ही पोरं गरम पेंडीचे तुकडे गुळाबरोबर खायचो, मामी ओरडायची की ती गुरांची आहे. इथे बैल नव्हता, मोटर होती, आणि करडईऐवजी हे. पण कोठारातला ओला, जड, तेलकट वास नाकात गेला आणि मी क्षणभर फ्रॉक घातलेली मुलगी झाले.

मग रोझबाईंनी आम्हाला चव घ्यायला बसवलं. निळ्या काचेच्या चिमुकल्या वाट्या, त्यात दोन घोट तेल. वाटी एका तळव्यावर धरायची, दुसऱ्यानं झाकायची, हाताची ऊब द्यायची, मग मोठ्यानं आवाज करत सुरका मारायचा. तेलाबरोबर हवा आत गेली पाहिजे म्हणे.

"हे म्हणजे बशीतला चहा!" शिरीष खूश झाला आणि त्यानं असा काही फुर्रकन सुरका मारला की कोठारातली दोन माणसं वळून बघायला लागली.

"कच्चं तेल पिता तुम्ही लोक?" मी विचारलं.

इतक्या वर्षांचं उट्टं निघालं! त्याला हसू आलं, हसताना तेल घशात गेलं आणि त्याला जोराचा ठसका लागला. पाठोपाठ सईला लागला. रोझबाईंनी टाळ्या वाजवल्या. ताजं तेल घशाला लागलंच पाहिजे, ठसका म्हणजे तेलाला दिलेली दाद, असं त्यांचं म्हणणं. मग माझी पाळी आली. मी सुरका मारला. तोंडात एक जाडसर, गुळगुळीत काहीतरी पसरलं, बाकी काही नाही. ते घशाशी गेलं आणि चर्र झालं. मला ठसका लागला, चांगला दणदणीत.

शिरीष खुर्चीवरून अर्धा उठला. "आलं? कळलं काही?" सईनं माझा हात धरला. त्या दोघांच्या चेहऱ्यांकडे मला बघवेना.

"जळजळलं रे नुसतं," मी म्हटलं. "मिरचीसारखं. चव नाही."

"ओके," सई म्हणाली, "दॅट्स ओके, आई," आणि तिनं हात सोडला नाही. रोझबाईंना यातलं काही माहीत नव्हतं. कसं वाटलं, असं त्यांनी मला अगत्यानं विचारलं. मी हसून म्हटलं, छान आहे. शिरीषचा तो शब्द माझ्याच तोंडून निघाला.

बाहेर आले. जरा फिरून येते म्हटलं आणि उतारावर चालत सुटले. माणसं जेवायला गेली होती, जाळ्या तशाच पसरलेल्या. एका झाडाखाली थांबले. फांदीवर फळं लगडली होती, काही हिरवी, काही पिवळसर, काही जांभळ्याकडे झुकलेली. हुबेहूब निंबोळ्या! आमच्या शाळेच्या मैदानात कडुनिंब होता, मधल्या सुट्टीत आम्ही पिकलेल्या निंबोळ्या चोखायचो. झाडाला फळ दिसलं की आमच्याकडे विचारायचं नसतं, तोडून तोंडात टाकायचं. बोर असो, चिंच असो, जांभूळ असो, झाड कुणाचं का असेना. ऑलिव्ह बरणीत असतं ते मिठाच्या पाण्यात मुरवलेलं असतं, एवढं मला माहीत होतं. मग झाडावरचं कसं असेल, हा विचार माझ्या डोक्याला शिवलाही नाही. हात वर गेला, एक जांभळं टपोरं फळ तोडलं, स्वेटरला पुसलं आणि कचकन चावलं.

आधी काही नाही. नेहमीसारखंच.

मग जिभेच्या मागे काहीतरी हललं. आणि मग जे आलं, ते आलंच! कडू. कडूजहर! कारलं परवडलं, काढा परवडला, असं कडू. माझे डोळे मिटले गेले, खांदे कानाला लागले, सगळं अंग शहारलं. थू थू करून थुंकायला मी वाकले आणि वाकलेलीच राहिले.

अगं बाई.

मी तोंड घट्ट मिटलं. थुंकायचं नव्हतं. जिभेवरून ते कडू मी इकडून तिकडे फिरवलं, हिरड्यांना लावलं, गिळलं. ते जाईना. मार्चपासून कशाचाही माग न ठेवणाऱ्या माझ्या जिभेला ते चिकटून बसलं होतं.

"शिरीष!" मी ओरडले. "कडू! अरे कडू आहे!"

तो उतारावरून धावत आला, त्याला वाटलं मला मधमाशी चावली. मागून सई, तिच्या मागून रोझबाई पाण्याची बाटली घेऊन. "ओ नो, हनी! कच्चं खायचं नसतं ते!" त्या बिचाऱ्या कासावीस झाल्या आणि पाणी पुढे करायला लागल्या. मी त्यांचा हात बाजूला केला. पाणी कशाला? पाण्यानं गेलं असतं ना ते! मी दुसरं फळ तोडलं आणि सगळ्यांदेखत चावलं. पुन्हा खांदे कानाला, पुन्हा डोळे बंद.

सई किंचाळली, "आई! यू मेड अ फेस! यू मेड अ फेस!" आणि मोठी झाल्यापासून चारचौघांत आईला हात न लावू देणारी ती मुलगी माझ्या गळ्यात पडून हुंदके द्यायला लागली.

शिरीषनं एक फळ तोडलं आणि तोंडात टाकलं. त्याचं तोंड असं काही वाकडं झालं की मी रडता रडता हसायला लागले. मग सईनं खाल्लं. आमची तिघांची तोंडं बघून त्या बाईंना वाटलं असणार की ही माणसं ठार वेडी आहेत. सईनंच त्यांना सगळं सांगितलं, तिच्या इंग्रजीत, भरभर. रोझबाई ऐकत राहिल्या. मग त्यांनी हॅट काढली, एक फळ तोडलं आणि चावलं. "लहान असताना खाल्लं होतं मी शेवटचं," त्या तोंड वेडंवाकडं करत म्हणाल्या.

नंतर हळूहळू बाकीच्या चवीही आल्या. पाहुण्यांनी एकेक करून यावं तशा, कुणी कळवून, कुणी न कळवता. नाताळाच्या सुमारास एकदा ताक आंबट लागलं. मग मीठ आलं. गोडानं सगळ्यात जास्त रडवलं, ते पुढच्या पाडव्याच्या आसपास आलं, आणि त्या दिवशी चटणीतलं कडू आणि गूळ दोन्ही लागलं. सगळं पहिल्यासारखं झालं असं नाही. तोंड अजून कोरडं पडतं, पर्समध्ये पाण्याची बाटली असते. पण कडू आधी आलं याचं मला काही वाटत नाही. पाडव्यालाही आपण कडूच आधी खातो, गोडाचं जेवण मागून येतं. त्या उतारावर उभी असताना मला एवढंच कळलं होतं की दाराला कुलूप लागलेलं नाही, ते नुसतं लोटलेलं आहे. केवढं हायसं वाटलं म्हणून सांगू! स्कॅन स्वच्छ आला तेव्हा मी जगणार हे कळलं होतं. जगण्यात आपलंही पान मांडलेलं आहे, हे त्या दिवशी कळलं. मंगलकाकूंना मी घरी आल्यावर फोन केला तर त्या माउली फोनवर रडल्या. "मला काय माहीत नव्हतं होय गं?" म्हणाल्या. "तुला धीर द्यायला म्हणत होते."

त्या दुपारी आम्ही बागेतच जेवलो. झाडाखाली एक लाकडी बाक होता. मी धपाटे काढले, चटणीचा डबा उघडला, चटणीत बोटानं आळं केलं आणि रोझबाईंच्या बाटलीतलं नवं हिरवं तेल त्यात ओतलं. तेल चटणीत हळूहळू जिरलं, तसंच, जसं मामाकडे जिरायचं. मी घास घेतला. शेंगदाणे नाहीत, लसूण नाही, मीठ नाही, पण सगळ्याच्या मागे कुठेतरी तेलाचा तो कडवटपणा होता. मी तो घास किती वेळ चावला असेन कोण जाणे.

शिरीषनं धपाट्याचा तुकडा मोडला, आजन्म नाकारलेल्या कच्च्या तेलात बुडवला आणि खाल्ला. मी त्याच्याकडे बघत होते.

"कसं झालंय?" मी विचारलं.

"छा..." तो म्हणाला आणि थांबला. माझ्या तोंडाकडे त्यानं नीट बघितलं. हातातल्या धपाट्याकडे बघितलं. मग म्हणाला, "खारट आहे."

"काय?"

"खारट आहे, वैशाली. खारटढोण. घशाखाली उतरत नाही. आणि हे एकटंच नाही, मार्चपासून सगळंच खारट आहे."

"बाबा!" सई ओरडली. मग माझ्याकडे चोरून बघत म्हणाली, "ॲक्च्युअली, आई... इट्स रिअली, रिअली सॉल्टी."

वारा आला, पानं उलटली. किती महिन्यांनी कुणीतरी माझ्या स्वयंपाकाला नाव ठेवलं होतं! माझे डोळे भरून आले, ते मी बाहीनं पुसले, आणि धपाट्यांचा डबा त्याच्या पुढ्यातून माझ्याकडे ओढला.

"मग नको खाऊस," मी म्हटलं. "ठेव तिकडे. तुझ्यासाठी कुणी नाही केलेले."

त्यानं हात लांब करून आणखी एक धपाटं घेतलं.